डाव कुणी जपायचे? राज्याच्या क्रीडा खात्यास आणि बुद्धिबळ संघटनांस खुले पत्र

मा. महोदय, महोदया,

स. न. वि. वि.

२८ जुलै २०२५ रोजी जॉर्जियातल्या बाटुमी शहरात नागपूरच्या दिव्या देशमुखनं टायब्रेकमध्ये कोनेरू हम्पीला हरवलं आणि महिलांचा विश्वचषक पहिल्यांदा भारतात आला. ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म (किताबासाठी लागणारी ठरावीक स्पर्धा-कामगिरी) गाठीशी नसताना त्या एका विजेतेपदावर ती थेट भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली. आठवडाभरातच शासनानं नागपुरात तिचा सत्कार केला, तीन कोटी रुपये दिले. चांगलं केलंत. बुद्धिबळासाठी एवढी रक्कम एकहाती मिळेल, असं आमच्या पिढीत कुणी म्हटलं असतं तर त्याला लोकांनी वेड्यात काढलं असतं.

मला बोलायचंय ते त्या लढतीतल्या डावांबद्दल. त्यातली प्रत्येक खेळी, तिला लागलेला वेळ, चुकलेली संधी, सगळं आज गडचिरोलीतलं पोरसुद्धा मोबाईलवर उघडून बघू शकतं. आणखी पन्नास वर्षांनीही बघू शकेल. आता हाच प्रश्न उलटा, मागच्या पन्नास वर्षांना विचारून पाहा. १९७४ साली बंगळूरला महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली आणि मुंबईच्या वासंती खाडिलकर विजेत्या ठरल्या. देशातली पहिली महिला विजेती मराठी आहे हे भाषणात सांगायला आपल्याला आवडतं. पण त्या स्पर्धेत त्या खेळल्या काय? सुरुवात राजाच्या प्याद्यानं केली की वजिराच्या? कुठला डाव हातातून निसटता निसटता राखला? त्या स्पर्धेच्या स्कोअरशीट, म्हणजे खेळ्या लिहिलेले कागद, आज कुणाच्या कपाटात आहेत?

मी बरीच वर्षं जिल्हा आणि राज्य पातळीवरच्या स्पर्धांमध्ये पंच म्हणून उभा राहिलो. लाल पात्याची घड्याळं किल्ली देऊन लावली, अर्धवट राहिलेल्या डावांची पुढची खेळी लिफाफ्यात बंद करून घेतली, दुपारच्या फेरीत पेंगणाऱ्या पोरांना उठवलं. स्पर्धा संपली की टेबलावर स्कोअरशीटचा ढीग उरायचा. वरची प्रत आयोजकाची, खालची कार्बन प्रत खेळाडूची. खेळाडू आपली प्रत खिशात घालायचा, आणि आयोजकाच्या गठ्ठ्याचं पुढं काय व्हायचं हे मी डोळ्यांनी पाहिलंय. एका ठिकाणी हॉल रिकामा करून द्यायची घाई होती, तेव्हा खुर्च्या मोजून परत गेल्या, घड्याळं मोजून परत गेली आणि चार दिवसांचे शेकडो डाव वडापावच्या कागदांसोबत पोत्यात गेले. ती संस्था कोणती ते सांगत नाही. सांगायची गरजही नाही, कारण वाचणाऱ्या प्रत्येक पंचाला आपापली संस्था आठवेल.

फिडेच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ महासंघाच्या, नियमावलीत कलम ८.३ आहे. त्यात स्वच्छ लिहिलंय की स्कोअरशीट ही स्पर्धेच्या आयोजकाची मालमत्ता आहे. एरवी खेळाडूनं मोबाईल खिशात ठेवला तर आपण नियमावर बोट ठेवून डाव काढून घेतो. मग याच कलमानं आपल्याकडे आलेली मालमत्ता आपण रद्दीच्या भावानं का घालवतो? मालकी आयोजकाची असेल तर राखण करायची जबाबदारीही त्याचीच, आणि त्याला मान्यता देणाऱ्या संघटनेची.

डाव टिकला म्हणजे काय होतं, याचं एक उदाहरण देतो. ते बंगालमधलं आहे. १८४८च्या सुमारास कलकत्त्यात वकिली करणारा जॉन कॉक्रन नावाचा स्कॉटिश माणूस महेशचंद्र बॅनर्जी या स्थानिक खेळाडूशी खेळू लागला. कॉक्रन युरोपातल्या चांगल्या खेळाडूंपैकी, महेशचंद्र देशी नियमांवर वाढलेला. देशी नियमांत प्यादं पहिल्या खेळीलासुद्धा एकच घर सरकतं. त्यामुळं मध्यावर लगेच भिडायचं नाही, आधी आपली तटबंदी बांधायची, उंट कडेशेजारच्या घरात बसवून लांब कर्णावर रोखायचा आणि समोरच्यानं मध्यात बांधलेली प्याद्यांची भिंत मग हळूहळू पोखरायची, अशी खेळाची धाटणी. युरोपियन नियम शिकल्यावरही महेशचंद्रनं ती सोडली नाही. दोघांमध्ये शेकडो डाव झाले आणि कॉक्रननं ते टिपून ठेवले. आज ज्या पद्धतींना जगभर ‘इंडियन डिफेन्स’ म्हणतात, त्या नावाचं मूळ या डावांत आहे. १८५५ साली कलकत्त्यात महेशचंद्रनं काळ्या मोहऱ्यांनी जी मांडणी केली, तीच १९२२मध्ये व्हिएन्नाच्या एर्न्स्ट ग्रुनफेल्डनं जगापुढं आणली आणि तिला ग्रुनफेल्डचं नाव मिळालं. मधे ६७ वर्षं गेली. तरीही महेशचंद्रचं श्रेय आज सांगता येतं, कारण समोरचा माणूस लिहून ठेवणारा होता.

महाराष्ट्रात त्या काळी असे महेशचंद्र नव्हते असं मानायला मी तयार नाही. कॉक्रन नव्हता, एवढंच. कारण खेळाची विद्या इथं जुनी आहे. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लास’ ग्रंथात राजाच्या करमणुकींमध्ये चतुरंगाचं प्रकरण आहे. पैठणहून काशीला गेलेल्या भट्ट घराण्यातल्या नीलकंठ भट्टांनी सतराव्या शतकात नीतिमयूखात बुद्धिबळावर लिहिलं, घोड्याच्या अडीच घरांनी सगळा पट फिरून यायच्या रचनाही दिल्या. १८१४ साली त्रिवेंगडाचार्य शास्त्री यांचा संस्कृत बुद्धिबळग्रंथ इंग्रजीत होऊन मुंबईत छापला गेला, युरोपियन नियमांना जुळवून घेतलेल्या डावाच्या शेवटच्या स्थिती त्यात आहेत. औरंगाबादच्या हरिकृष्णांच्या ‘क्रीडाकौशल्या’तही, १८७१ साली, बुद्धिबळ आहे. म्हणजे शास्त्र लिहिणारे होते, नियम लिहिणारे होते, कूटं रचणारे होते. अमक्यानं तमक्याशी अमुक दिवशी खेळलेला डाव मात्र लिहायची रीत नव्हती. शनिवारवाड्याच्या आसपास कितीतरी पट मांडले गेले असतील. पेशवे दफ्तरात दाणागोट्याचे हिशेब सापडतात, एक डाव सापडला तर मी पुण्याला चालत येईन.

ती रीत एकोणिसाव्या शतकात नव्हती, याबद्दल कुणाला बोल लावता येत नाही. विसाव्या शतकात मात्र ती होती. अखिल भारतीय बुद्धिबळ महासंघ १९५१ साली मद्रासला स्थापन झाला. १९५५मध्ये आंध्रातल्या एलुरूला पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली तेव्हा डी. वेंकय्यांच्या बरोबरीनं पहिला आला तो आपला रामचंद्र सप्रे. पुढच्याच वर्षी भारताचा संघ पहिल्यांदा ऑलिम्पियाडला, मॉस्कोला गेला. आज ग्रँडमास्टरांची यादी पाठ असलेल्या दहा मुलांना विचारा सप्रे कोण होते ते. विदित गुजराथीचं नाव नाशिकच्या रिक्षावाल्यालाही माहीत आहे आणि असावंच. पण सप्रे, प्रवीण ठिपसे, अभिजित कुंटे आणि विदित ही एक ओळ आहे. तिचं पहिलं टोक अंधारात ठेवून शेवटच्या टोकावर झोत टाकण्यात आपलं सगळं कौतुक खर्च होतं.

खाडिलकर भगिनींबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण तिथं जे हरवतंय ते नुसत्या आकडेवारीपुरतं नाही. ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. महिलांच्या राष्ट्रीय स्पर्धेचं पहिलं दशक या तिघींनी एका घरातून गाजवलं. जयश्री १९७९मध्ये महिला आंतरराष्ट्रीय मास्टर झाल्या, तो किताब मिळवणाऱ्या पहिल्या भारतीय. रोहिणी पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या, १९८१ला हैदराबादमध्ये आशियाई विजेत्या, १९८३ला पुन्हा. पण त्याहून मोठी गोष्ट १९७६ची. तेरा वर्षांची ही मुलगी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली आणि गदारोळ उठला. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं, तिथं तिची बाजू टिकली. शेवटी फिडेचे तेव्हाचे अध्यक्ष, माजी जगज्जेते माक्स यूवे यांना सांगावं लागलं की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय स्पर्धेतून बाई आहे म्हणून कुणाला अडवता येणार नाही. गिरगावातल्या एका शाळकरी मुलीमुळं जगाचा नियम पक्का झाला, असं म्हटलं तर फार अतिशयोक्ती होणार नाही.

न्यायालयाचे कागद न्यायालय सांभाळतं. बातम्या वर्तमानपत्रांच्या फायलींत आहेत. पण ज्या खेळण्याच्या हक्कासाठी एवढं सगळं झालं, ते खेळणं कुठंय? बाप्यांच्या घोळक्यात बसून तिनं घोडा कुठं टाकला, कुणाला किती वेळ विचार करायला लावला, कुठं हरली? एखाद्या स्त्री-अभ्यासकाला उद्या यावर लिहायचं झालं तर आपण तिला बातमीचं कात्रण देणार आणि डाव मात्र देऊ शकणार नाही.

सांगलीचं तसंच. भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळ उभं केलं आणि पुढं कित्येक दशकं उन्हाळ्याच्या सुट्टीत त्या गावानं महाराष्ट्रभरच्या पोरांना पटापुढं बसवलं. भाग्यश्री साठे तिथल्या, पुढं भाग्यश्री ठिपसे म्हणून पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या आणि पद्मश्री झालेल्या. स्वाती घाटे तिथल्या. सांगलीच्या स्पर्धेत खेळलो नाही असा जुना मराठी खेळाडू मला क्वचितच भेटलाय. इथं जमलेलं साहित्य म्हणजे एका प्रदेशाचं बुद्धिबळ कसं घडलं याचा जवळजवळ अखंड पुरावा झाला असता. आणि हे गाव कृष्णेच्या काठावर आहे. २००५, २०१९, २०२१ या तिन्ही पुरांत सांगलीतल्या किती घरांत पाणी शिरलं ते मी तुम्हाला सांगायला नको. माळ्यावर ठेवलेल्या वह्या वाचल्या असतील. पलंगाखालच्या ट्रंका वाचलेल्या नाहीत.

यावर एक आक्षेप ठरलेला असतो. जिल्हा पातळीवरच्या कच्च्या डावांचं करायचं काय? त्यात चुकांशिवाय आहे काय? हा प्रश्न मला एका बऱ्यापैकी रेटिंगवाल्या तरुणानंच विचारला होता. संगणकावरच्या बुद्धिबळ-इंजिनाला विचारलं तर ते प्रत्येक पाचव्या खेळीवर नाक मुरडेल, हे खरं. पण मला त्यात दुसरंच दिसतं. १९७२मध्ये रेक्याविकला फिशर आणि स्पास्की जगज्जेतेपदासाठी भिडले आणि इथल्या शाळाशाळांत पट मांडले गेले. ती लाट कुठल्या तालुक्यात कधी पोहोचली हे स्पर्धेच्या शीटवरून कळतं. सोव्हिएत प्रकाशनांची स्वस्त पुस्तकं मुंबईत, पुण्यात मिळू लागली तसे पोरांचे सुरुवातीचे डाव बदलले. एका वर्षी सगळे इटालियन खेळताहेत आणि दोन वर्षांनी अर्धी खोली सिसिलियन. कुणीतरी एकानं पुस्तक आणलं आणि ते हातोहात फिरलं, एवढा त्याचा अर्थ. जुने देशी खेळाडू उतारवयात स्पर्धेत उतरायचे, त्यांच्या शीटवर महेशचंद्रची ती धाटणी अजून दिसते. राजाच्या प्याद्याला दोन घरं चालायची मुभा असून म्हातारा एकच घर चालतो. आणि काही पोरांनी रा, व, ह, उं, घो अशा अक्षरांनी नोंद केलेली असते. तीही फिडेला चालते, खेळाडूला आपल्या भाषेतली अक्षरं वापरायची मुभा आहे. माझ्याकडे अशी एक शीट आहे, तिच्यावर अडतिसाव्या खेळीपुढं पेन्सिलीनं ‘अरे देवा’ लिहिलंय. नियमात बसत नाही ते. मी तेव्हा समज दिली असणार.

आता घाई का, ते सांगतो. १९८१पासून फिडे फक्त अल्जिब्रिक नोंद मानते, म्हणजे प्रत्येक घराला अक्षर आणि आकड्याचं एकच नाव. त्याआधीच्या आपल्याकडच्या शीट बहुतेक इंग्रजी डिस्क्रिप्टिव पद्धतीतल्या, पी-के४, केटी-केबी३ अशा. दोन्ही खेळाडू आपापल्या बाजूनं घरं मोजणार. आजच्या तिशीतल्या प्रशिक्षकालाही ती अडखळत वाचता येते, त्यातून अक्षर घाईतलं आणि कार्बन पुसट. या शीट झरझर वाचून दुरुस्त करू शकणारी माणसं सत्तरी-ऐंशीतली आहेत. त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरतोय आणि तुमच्या टेंडरला तीन वर्षं लागतात.

शिवाय कागदावर कधीच न आलेलंही बरंच आहे. देशी नियमांत किल्लेकोट (कॅसलिंग) नव्हता. राजाला शह बसायच्या आधी एकदाच घोड्यासारखी उडी मारता यायची. प्यादं शेवटच्या घरात पोहोचलं की ज्या पट्टीत पोहोचलं त्या पट्टीचं मोहरं व्हायचं. समोरच्याकडं एकटा राजा उरला की बुर्जी, म्हणजे डाव बरोबरीत. त्यामुळं जिंकणाऱ्याला त्याचं शेवटचं मोहरं मारायची चोरी, ते पटावर जिवंत ठेवून मात करायची. आणि प्यादेमात, म्हणजे प्याद्यानं मात, केली तर तिच्यासारखा मान नाही. या नियमांत फरक गावोगाव होते, आणि ते ज्यांना आजोबांच्या मांडीवर बसून कळले अशी माणसं अजून पारावर, देवळाच्या ओवरीत भेटतात. त्यांच्यासमोर फोन ठेवून तासभर बोलतं करायला कुठलीही समिती लागत नाही. चारुदत्त जाधवांनी अंध खेळाडूंची देशपातळीवरची संघटना बांधली, त्या खेळाडूंनी डाव ब्रेलमध्ये किंवा टेपवर नोंदवले. त्या टेपांचीही अवस्था एव्हाना काय असेल कोण जाणे.

म्हणून विनंती अशी. आधी जे करू नका ते सांगतो. भवन बांधू नका. बुद्धिबळ भवन म्हटलं की कोनशिला बसते, दर्शनी भागात सहा फुटी घोडा उभा राहतो, उद्घाटनाला मंत्री येतात आणि पुढं कुलपाची किल्ली कुणाकडे हे कळत नाही. जॉर्जियाच्या राजधानीत, तिबिलिसीला, १९७३मध्ये बुद्धिबळाचा प्रासाद बांधला गेला, पण तिथं आधी महिला जगज्जेती नोना गाप्रिंदाश्विली होती आणि तिच्यामागं खेळणाऱ्या मुलींची रांग होती. अमेरिकेतल्या क्लीव्हलँडमध्ये तर वेगळी इमारतही नाही. जॉन व्हाइट नावाच्या वकिलानं आयुष्यभर जमवलेली बुद्धिबळाची पुस्तकं शहराच्या सार्वजनिक ग्रंथालयाला दिली, आणि आज जगातला सर्वांत मोठा बुद्धिबळ संग्रह एका नगर वाचनालयात आहे. तसंच करा. पुराभिलेख संचालनालयाकडे कागद कसे राखायचे ते कळणारी माणसं आहेत, त्यांच्याकडे चार कपाटं मागा. ते जमत नसेल तर शंभर-सव्वाशे वर्षं जुनं एखादं ग्रंथसंग्रहालय गाठा. स्कॅनर आणि महिना पगारावर दोन मुलं, याहून जास्त सुरुवातीला काही लागत नाही. तीन कोटींच्या पुरस्काराशेजारी हा खर्च लिहिला तर लेखापालाला तो टंकलेखनातली चूक वाटेल.

संघटनांनी आपल्या बाजूनं एक परिपत्रक काढावं. संलग्न जिल्हा संघटनेकडे, मंडळाकडे जुन्या शीट, निकालपत्रकं, स्पर्धेच्या स्मरणिका, फोटो जे असेल ते आणून द्या, परत हवं असेल तर स्कॅन करून परत मिळेल. इथून पुढच्या ज्या स्पर्धांत खेळी आपोआप नोंदवणारे डिजिटल पट नसतात, म्हणजे अजूनही बहुतेक सगळ्या, त्यांच्या शीट महिन्याभरात जमा केल्याशिवाय अहवाल स्वीकारू नका. पंच कुरकुरतील. मी त्यांच्यातलाच आहे, थोडी कुरकुर करून करतील.

आणि जे खेळाडू हयात आहेत त्यांच्याकडे कुणीतरी जा. सत्काराची शाल घेऊन जायची गरज नाही. त्यांचा जुना डाव पटावर मांडा आणि ‘इथं हत्ती का नाही हलवला?’ एवढंच विचारा. पुढं बोलायचं थांबवणं तुम्हाला अवघड जाईल. मी एका ज्येष्ठ खेळाडूला त्यांच्या तरुणपणीच्या डावाची शीट दाखवली तेव्हा बायकोनं चहा दोनदा गरम केला, तरी ते बाराव्या खेळीवरच होते.

माझ्यापुरतं सांगतो. जिथं जिथं आयोजकांनी ‘हे घेऊन जा, नाहीतर टाकू’ म्हटलं, तिथून मी उचलून आणलेल्या शीट सालवार दोऱ्यानं बांधून ठेवल्यात. कीड लागू नये म्हणून कडुनिंबाचा पाला घालतो. काही गठ्ठ्यांवर स्पर्धेचं नाव नाही, ती नावं खेळाडूंवरून लावत आणली आहेत. हे सगळं विनाअट, विनामोबदला द्यायला मी तयार आहे. माझ्यासारखे आणखी पंच आहेत, त्यांचीही तयारी मी विचारून ठेवली आहे. घरच्यांना ती जागा गाद्या ठेवायला हवी आहे.

गठ्ठे कुठल्या पत्त्यावर पाठवायचे आणि पोच कोण देणार, तेवढं कळवावं.

आपला,
एक निवृत्त पंच